कमी फीची शाळा कोणाच्या जिवावर चालते? इंडोनेशियातील मुहम्मदिया शाळांचे गणित

इंडोनेशियातील खाजगी शाळांमध्ये पालकांच्या हाती वर्षानुवर्षे एक घडीचे कार्ड पडत आले आहे. जुलै ते जून अशा बारा महिन्यांच्या बारा चौकटी, प्रत्येक चौकटीत रक्कम, तारीख आणि शाळेच्या कार्यालयातील कारकुनाची सही किंवा शिक्का, एवढाच त्यावरचा मजकूर. या मासिक रकमेला तिकडे ‘एसपीपी’ म्हणतात आणि या अक्षरांमागच्या मूळ शब्दांचा अर्थ ‘शिक्षणाच्या उभारणीसाठी वर्गणी’ असा होतो. फीला वर्गणी म्हणण्यात मला एक कबुली दडलेली दिसते : पालक जे भरतात त्यात शाळा चालत नाही, ते केवळ हातभार लावतात. गरीब वस्तीतील शाळेत कार्डावरच्या कित्येक चौकटी कोऱ्याच राहतात, तरीही मूल वर्गात बसते, शिक्षक येतात आणि फळ्यावर गणित मांडले जाते. उरलेला खर्च कोण सोसतो, हा या लेखाचा प्रश्न आहे.

तो समजून घेण्यासाठी मुहम्मदिया या मुस्लिम संघटनेच्या शाळांसारखे दुसरे उदाहरण क्वचितच सापडेल. 1912 मध्ये जावा बेटावरील योग्याकार्ता शहरात स्थापन झालेली ही संघटना आज पाच हजारांहून अधिक शाळा आणि मदरसे चालवते. तिची महाविद्यालये आणि विद्यापीठे दीडशेच्या पुढे आहेत, आणि ‘आइशिया’ या तिच्या महिला शाखेच्या बालवाड्यांची संख्याही हजारांत मोजावी लागते. हा पसारा सरकारचा नाही आणि कोणा उद्योगसमूहाचाही नाही. यांतील काही शाळा चांगल्या महागड्या आहेत. पण बहुतेक शाळा छोट्या गावांत, बंदरांच्या वस्त्यांत आणि शहरांच्या कडेला आहेत, आणि तिथे येणाऱ्या घरांना मोठी फी परवडत नाही.

पुढे जाण्यापूर्वी एक घोळ निस्तरला पाहिजे. ‘इस्लामी शाळा’ या एकाच शब्दाखाली इंडोनेशियात किमान तीन वेगळ्या गोष्टी येतात. पहिली ‘पसांत्रेन’, म्हणजे धर्मगुरूच्या, तिकडच्या शब्दांत ‘कियाई’च्या, भोवती वाढलेली निवासी शाळा, तिथे विद्यार्थी राहतो, धर्मग्रंथ शिकतो आणि पुष्कळदा शेजारच्याच वर्गात सरकारी अभ्यासक्रमही पुरा करतो. दुसरा मदरसा. हा धर्मव्यवहार मंत्रालयाच्या अखत्यारीत येतो, आणि 1975 मध्ये तीन मंत्र्यांनी काढलेल्या संयुक्त आदेशाने त्यात सुमारे 70 टक्के सामान्य विषय शिकवण्याच्या अटीवर त्याच्या प्रमाणपत्राला शाळेच्या प्रमाणपत्राइतकी किंमत दिली गेली. तिसरी साधी शाळा, म्हणजे ‘सकोला’, जी शिक्षण मंत्रालयाकडे नोंदलेली असते. मुहम्मदिया या तिन्ही प्रकारच्या संस्था चालवते, पण तिची ओळख घडली ती तिसऱ्या प्रकारावर. या शाळांत राष्ट्रीय अभ्यासक्रम जसाच्या तसा शिकवला जातो आणि ठरलेल्या दिवशी देशभरच्या मुलांचाच गणवेश असतो : प्राथमिकला लाल-पांढरा, माध्यमिकला गडद निळा-पांढरा, उच्च माध्यमिकला राखाडी-पांढरा. त्यावर ‘इस्मुबा’ हा संघटनेचा स्वतःचा विषयगट चढवलेला असतो; इस्लाम, मुहम्मदियाची विचारसरणी आणि अरबी भाषा या तीन विषयांच्या अक्षरांतून हे नाव तयार झाले आहे. बाहेरून पाहणाऱ्याला सरकारी शाळा आणि ही शाळा यांतील फरक पटकन कळणार नाही, आणि सुरुवातीपासून हेतूही तोच होता.

त्या सुरुवातीकडे जाणे गरजेचे आहे, कारण आजच्या हिशेबातील बऱ्याच गाठी तिथेच पडलेल्या आहेत. संस्थापक अहमद दहलान यांचा जन्म 1868 चा. योग्याकार्ताच्या सुलतानाच्या मोठ्या मशिदीला लागून असलेल्या कौमान मोहल्ल्यात ते वाढले, मक्केला जाऊन शिकून आले, मशिदीत खतीब म्हणून प्रवचने देत आणि पोटासाठी बाटिक कापडाचा व्यापार करत. 1911 मध्ये त्यांनी स्वतःच्या घरातील एका खोलीत शाळा उघडली. खोलीत टेबल, बाक आणि फळा होता. आज यात नवल वाटण्यासारखे काही नाही, पण त्या काळी धर्मशिक्षण जमिनीवर, गुरूभोवती कोंडाळे करून घेतले जाई. बाक आणि फळा ही डच शाळेची सामग्री होती. परधर्मीयांची नक्कल करतो म्हणून मोहल्ल्यातील लोकांनी त्यांच्यावर ‘काफिर कियाई’ असा शिक्का मारला. दहलान यांना मात्र हेच हवे होते : डच शाळेची शिस्त आणि विषय, त्यात भर धर्मशिक्षणाची, आणि दरवाजा सामान्य मुलासाठी उघडा.

शाळेतून संघटना कशी उभी राहिली, ही हकिगत त्याहून महत्त्वाची आहे. दहलान त्या वेळी सरकारी अध्यापक विद्यालयातील मुलांनाही इस्लाम शिकवत असत. त्यांतील काही मुले त्यांच्या घरची शाळा पाहायला आली आणि त्यांनी एक व्यवहारी शंका काढली : ही शाळा तुमच्या एकट्याच्या जिवावर चालली आहे, तुमच्या माघारी तिचे काय होणार? तिच्यामागे संस्था हवी, असा त्यांचा आग्रह होता. 18 नोव्हेंबर 1912 रोजी मुहम्मदियाची स्थापना झाली. दहलान 1923 मध्ये वारले आणि शाळा चालूच राहिल्या. संघटनेने शाळा काढल्या, असे आपण सहज म्हणून जातो. इथे शाळेने आपल्या रक्षणासाठी संघटना काढली होती.

मालकी कोणाची, हा प्रश्न त्यामुळे पहिल्या दिवसापासून ऐरणीवर होता, आणि आजही या जाळ्याला इतरांपासून वेगळे करणारी गोष्ट हीच आहे. 1926 मध्ये स्थापन झालेल्या ‘नहदतुल उलमा’ या इंडोनेशियातील सर्वांत मोठ्या मुस्लिम संघटनेशी तुलना केली की हे स्पष्ट होते. तिच्या छत्राखालील पसांत्रेन प्रामुख्याने त्या त्या कियाईच्या कुटुंबाची असते, गादी मुलाकडे किंवा जावयाकडे जाते आणि संघटना ही एक प्रकारची बिरादरी असते. मुहम्मदियात शाळा कोणा कुटुंबाची नसते. जमीन, इमारत आणि बँकेतील खाते संघटनेच्या नावावर असते. संघटनेला स्वतःच्या नावावर जमीन धारण करता यावी अशी कायदेशीर मान्यता सरकारने 1972 मध्ये दिली. गावची शाखा, उपजिल्हा, जिल्हा, प्रांत आणि केंद्र अशा पाच पायऱ्या आहेत. वरच्या पायऱ्यांवर शिक्षण पाहणारी स्वतंत्र समिती, म्हणजे ‘मजलिस’, असते. मुख्याध्यापक मजलिस नेमते, ठरावीक मुदतीसाठी नेमते, आणि मुदत संपली की तो पुन्हा वर्गावर जातो. आपण बांधलेली शाळा आपल्या मुलाला देता येत नाही, हे ज्याला सोसते त्यानेच इथे शाळा बांधावी.

आता पैशाकडे वळू. शाळेचा सर्वांत मोठा एकरकमी खर्च जागेचा आणि इमारतीचा, आणि तो इथे बव्हंशी वक्फमधून भागतो. वक्फ म्हणजे धर्मकार्यासाठी कायमची दिलेली मालमत्ता. ती विकता येत नाही, वारसांना परत मिळत नाही आणि कर्जासाठी तारणही ठेवता येत नाही. इंडोनेशियात 2004 पासून त्यासाठी स्वतंत्र कायदा आहे. एखादा शेतकरी किंवा व्यापारी जागा देतो, गावकरी सिमेंट आणि श्रम देतात, एकेक वर्ग चढत जातो. भाडे नाही, कर्जाचा हप्ता नाही, म्हणून फी कमी ठेवता येते. या सोयीला एक काटाही आहे, ज्याकडे कौतुकाच्या भरात दुर्लक्ष होते. जागा कुठे मिळावी हे गरजेवर ठरत नाही, दात्याचे शेत कुठे आहे त्यावर ठरते. त्यामुळे सरकारी शाळेपासून हाकेच्या अंतरावर मुहम्मदियाची शाळा उभी, आणि दोन्हींत मुले निम्मीच, असे चित्र निर्माण होऊ शकते. ती जागा विकून गरजेच्या ठिकाणी नवी घेणेही सोपे नाही, कारण वक्फची अदलाबदल कायद्याने फार अवघड करून ठेवली आहे.

दुसरा पैसा सरकारचा. खाजगी धार्मिक संस्थेला सरकारी पैसा कसा, असा प्रश्न पडू शकतो, पण इंडोनेशियात ही परंपरा डच राजवटीपासूनची आहे. त्या काळी ख्रिस्ती मिशन ‘बायबलसह’ अशी शेपटी नावाला जोडून डच पद्धतीच्या शाळा चालवत आणि सरकारी अनुदान घेत. मुहम्मदियाने त्याच धर्तीवर ‘कुराणसह’ शाळा काढल्या आणि अनुदानासाठी हात पुढे केला. याच शहरात 1922 मध्ये की हजर देवांतारा यांनी सुरू केलेल्या ‘तामन सिस्वा’ या राष्ट्रीय शाळांनी मात्र परकीय सरकारचा पैसा नाकारला. 1932 मध्ये विनाअनुदान शाळांवर परवान्याची सक्ती करणारा ‘रानटी शाळां’चा वटहुकूम आला, तेव्हा देवांतारा यांच्या नेतृत्वाखाली त्याला इतका विरोध झाला की पुढच्याच वर्षी सरकारने तो मागे घेतला. तामन सिस्वाची ताठ मान इतिहासात शोभून दिसते, यात शंका नाही. शाळांची संख्या मात्र पुढे मुहम्मदियाची वाढली, आणि सरकारशी भांडण न करता नियमांच्या चौकटीत बसण्याची तिची सवय हे त्याचे एक मोठे कारण होते असे मला वाटते.

आज हा सरकारी पैसा ‘बोस’ नावाच्या योजनेतून येतो. ‘शाळा चालवण्यासाठी साहाय्य’ अशा अर्थाच्या शब्दांची ही आद्याक्षरे. 2005 मध्ये सुरू झालेली ही योजना सरकारी आणि खाजगी, दोन्ही प्रकारच्या शाळांना दर विद्यार्थ्यामागे ठरावीक रक्कम देते. पहिल्या वर्षी प्राथमिक शाळेसाठी ती मुलामागे 2,35,000 रुपिया होती; 2020 मध्ये ती 9,00,000 रुपिया झाली, कनिष्ठ माध्यमिकसाठी 11,00,000 आणि उच्च माध्यमिकसाठी 15,00,000. आकडे मोठे दिसतात ते इंडोनेशियाच्या चलनामुळे; किती मोठे ते पुढच्या हिशेबात दिसेल.

कल्पना करा की एका गावात सहा इयत्तांची प्राथमिक शाळा आहे आणि तिच्यात 100 मुले आहेत. 2020 च्या दराने तिला वर्षाला 9 कोटी रुपिया मिळतील, म्हणजे महिन्याला 75 लाख. त्या वर्षीच्या नियमानुसार यातील जास्तीत जास्त निम्मी रक्कम मानधनावर खर्च करता येत होती. उरलेली पुस्तके, वीज, परीक्षा आणि किरकोळ दुरुस्ती यांसाठी. म्हणजे मानधनाला साडेसदतीस लाख. सहा वर्गशिक्षक, एक धर्माचा शिक्षक आणि मुख्याध्यापक असे आठ जण धरले तर माणशी 4,70,000 रुपियाही पुरे पडत नाहीत. त्या वर्षी योग्याकार्ता प्रांतात कामगाराचे किमान वेतन महिना सुमारे 17 लाख रुपिया होते. आता फी मिळवून पाहू. समजा महिना 30,000 रुपिया फी आहे आणि शंभरांपैकी साठ पालक ती वेळेवर भरतात. त्यातून 18 लाख येतील आणि ते सगळेच्या सगळे पगाराला दिले तरी शिक्षकाच्या पदरात एकूण सात लाखांच्या आसपासच पडेल. किमान वेतनाच्या निम्मेही नाही.

या हिशेबात एक गोम आहे. अनुदान मुलामागे मिळते आणि खर्च मात्र वर्गामागे होतो. वर्गात सोळा मुले असोत की अठ्ठावीस, शिक्षक एकच लागतो. आपल्या काल्पनिक शाळेत प्रत्येक वर्ग अठ्ठावीस मुलांनी भरला, तर मुले 168 होतात, मानधनाची रक्कम महिना 63 लाखांवर जाते आणि फीचा एक रुपियाही न धरता माणशी जवळपास 7,90,000 रुपिया पडतात. फी वाढवली नाही, अनुदानाचा दर वाढला नाही, फक्त रिकामे बाक भरले. स्वस्त शाळेच्या मुख्याध्यापकाला प्रवेशाच्या हंगामात झोप का लागत नाही, ते यावरून कळावे. पटावरची दहा मुले कमी होणे म्हणजे त्याच्या एका शिक्षकाच्या पगाराचा प्रश्न असतो.

मोठ्या शहरांत याच जाळ्यातील शाळांचे चित्र उलटे आहे. योग्याकार्तामधील किंवा सुराबायामधील नावाजलेल्या मुहम्मदिया प्राथमिक शाळांत जागेसाठी आधीपासून नाव घालून ठेवावे लागते, फी भरपूर असते आणि पालक मध्यमवर्गीय असतात. अशा शाळा आपल्या उत्पन्नातील काही वाटा मजलिसकडे भरतात, त्यातून लहान शाळांना मदत होते. शिवाय ‘लाझिस्मू’ ही संघटनेची जकात (म्हणजे मुसलमानांनी द्यायचे धार्मिक दान) आणि देणग्या गोळा करणारी संस्था 2002 पासून शिष्यवृत्त्या व शिक्षकांना मदत देते. एका घरातील कमावत्या भावाने धाकट्याची फी भरावी, तसा हा व्यवहार आहे, आणि घरातल्या व्यवहारात जे रुसवेफुगवे होतात ते इथेही होणारच. एका जिल्ह्याच्या मजलिसकडे दोन श्रीमंत शाळा असतात, शेजारच्या जिल्ह्याकडे एकही नसते. केंद्राची तिजोरी सगळ्यांना सारखी पुरत नाही. जाळे मोठे आहे, याचा अर्थ जाळ्याच्या प्रत्येक टोकाला सारखे बळ पोचते असा नाही.

म्हणजे अखेर भार येतो तो शिक्षकावर. इंडोनेशियात शिक्षकाला ‘गुरू’ म्हणतात, इस्लामी शाळेतही. मराठी वाचकाला गंमत वाटेल अशी ही शब्दांची साखळी लांब आहे : विद्यार्थी तो ‘सिस्वा’, जो शिष्यातून आला, वसतिगृह ते ‘आस्रामा’, खर्चाला ‘बियाया’ म्हणतात, तो आपला व्यय, आणि सत्कृत्याचे परलोकी मिळणारे पुण्य म्हणजे ‘पहाला’, जे मूळचे फळ. कमी पगाराच्या गुरूला बियायाच्या बदल्यात पहाला मिळतो, असे कोणी म्हटले तर ते नुसते शब्दांचे खेळ ठरणार नाहीत, कारण व्यवस्था खरोखर त्या समजुतीवर चालत आली आहे. ‘इख्लास’, म्हणजे मोबदल्याची अपेक्षा न ठेवता केलेले काम, हा या शाळांत सर्वाधिक ऐकू येणाऱ्या शब्दांपैकी एक आहे.

दहलान यांच्या नावावर सांगितले जाणारे एक वाक्य मुहम्मदियाच्या कार्यालयांत भिंतीवर लावलेले असते : मुहम्मदियाला जगवा, मुहम्मदियावर जगू नका. संघटनेच्या पैशाची गरज पडली तेव्हा त्यांनी घरातील चीजवस्तू विकायला काढल्याची कथाही तिथे सांगतात. सूरह अल-माऊन, म्हणजे कुराणातील अनाथ आणि गरिबांविषयीचा छोटा अध्याय, शिकवताना ते दिवसेंदिवस तोच धडा देत राहिले. मुलांनी कंटाळून पुढे जायला सांगितले, तेव्हा ‘पाठ झाले, पण केले का?’ असे विचारून त्यांनी मुलांना अनाथ व गरिबांना शोधून आणायला आणि त्यांना अंघोळ, कपडे, जेवण द्यायला पाठवले, ही त्यांची सर्वांत प्रसिद्ध कथा. या शिकवणीतून अनाथाश्रम, दवाखाने आणि शाळा उभ्या राहिल्या, हे खरेच आहे. पण जे वाक्य बाटिकचा व्यापार असलेला संस्थापक स्वतःविषयी म्हणतो, तेच वाक्य ज्याचे दुसरे उत्पन्न नाही अशा शिक्षकाला ऐकवले की त्याचा अर्थ बदलतो. दहलान यांच्याकडे जगण्याचे साधन दुसरीकडे होते, मुहम्मदियावर जगण्याची त्यांना गरज नव्हती.

शिक्षकाचा पगार किती कमी असू शकतो, याचे एक जुने आणि नेमके उदाहरण उपलब्ध आहे. इंडोनेशियाच्या स्वातंत्र्ययुद्धाचे सेनापती सुदिरमान हे त्यापूर्वी जावा बेटावरील चिलाचाप येथील मुहम्मदियाच्या प्राथमिक शाळेत शिक्षक होते. 1930 च्या दशकात त्यांना महिना 3 गिल्डर (तेव्हाचे डच चलन) मिळत. मुख्याध्यापक झाल्यावर ते साडेबारा गिल्डर झाले. पगार चौपटीहून अधिक वाढला, असे वाचताना छान वाटते. मुळात तो किती होता हे लक्षात आल्यावर तेवढे छान वाटत नाही.

आजच्या शिक्षकाची मिळकत साधारण तीन थरांची असते. पहिला थर शाळेचे मानधन, ज्याचा हिशेब वर केला. दुसरा थर सरकारी भत्त्याचा : 2005 च्या शिक्षकविषयक कायद्याने पात्रता-प्रमाणपत्र मिळवलेल्या शिक्षकाला, तो खाजगी शाळेत असला तरी, भत्ता देण्याची सोय केली. खाजगी शिक्षकासाठी हा भत्ता बराच काळ महिना 15 लाख रुपिया होता आणि 2025 पासून तो 20 लाख झाला. म्हणजे ज्याच्याकडे प्रमाणपत्र आहे त्याला सरकारकडून मिळणारी रक्कम शाळेच्या मानधनाच्या काही पट असू शकते, आणि ज्याच्याकडे नाही तो शेजारच्या वर्गात तेच काम करून मानधनावरच राहतो. तिसरा थर शाळेबाहेरचा : शिकवण्या, छोटे दुकान, शेती, मोटारसायकलवरून भाडे मारणे. कमी फीच्या शाळेची किंमत संध्याकाळच्या या तिसऱ्या थरात चुकती होते.

या रचनेला सर्वांत मोठा धक्का सरकारी शाळांकडून बसला, आणि तोही शिक्षकांचे भले करण्याच्या हेतूने. 2021 मध्ये सरकारने कंत्राटी पद्धतीच्या सरकारी शिक्षकांची मोठी भरती सुरू केली. उद्दिष्ट दहा लाख शिक्षकांचे होते. खाजगी शाळांतील शिक्षकही परीक्षेला बसू शकत होते आणि पुष्कळ जण उत्तीर्ण झाले. पण नेमणूक मिळाली ती सरकारी शाळेत. ज्या शाळेने त्यांना नवखे असताना घेतले, प्रशिक्षणाला पाठवले, प्रमाणपत्र मिळेपर्यंत सांभाळले, त्या शाळेतून अनुभवी माणसे एका झटक्यात उठून गेली. मुहम्मदियासह अनेक खाजगी शिक्षणसंस्थांनी याविरुद्ध जाहीर तक्रार केली. तक्रार रास्त होती, तरी तिची दुसरी बाजू विसरून चालणार नाही : जाणाऱ्या शिक्षकाच्या आयुष्यात पहिल्यांदाच पुरेसा पगार येत होता, आणि त्याला इख्लासची आठवण करून देण्याचा अधिकार कोणालाही नव्हता.

फी कमी असली तरी गरिबाला शाळा परवडतेच असे नाही, हेही नोंदवले पाहिजे. सुहार्तो, जे पुढे तीन दशके इंडोनेशियाचे राष्ट्राध्यक्ष राहिले, त्यांनी आपल्या लहानपणाविषयी सांगितलेली गोष्ट अशी की एका शाळेत अर्धी विजार आणि बूट सक्तीचे होते, घरच्यांना ते परवडले नाहीत, म्हणून ते योग्याकार्तामधील मुहम्मदियाच्या शाळेत गेले, जिथे लुंगीसारखे ‘सारोंग’ नेसून अनवाणी आलेले चालत असे. अशा वेळी शाळा सोडायला लावते ती फी नव्हे, बुटांचा जोड. आजही प्रवेशाच्या वेळची एकरकमी वर्गणी, गणवेशाचे तीन-चार संच आणि सहली यांची बेरीज वर्षभराच्या मासिक फीच्या पुढे जाऊ शकते. आणि कार्डावरच्या कोऱ्या चौकटींचा हिशेब शेवटी कुठेतरी लागतोच. इंडोनेशियातील खाजगी शाळांत थकबाकीपोटी विद्यार्थ्याचे उत्तीर्णतेचे मूळ प्रमाणपत्र अडवून ठेवण्याची चाल चांगलीच रुळलेली होती, आणि त्या कागदाअभावी नोकरी हुकलेली मुले हा तिथे वारंवार चर्चेत येणारा विषय आहे. शाळा म्हणते, शिक्षकांना पैसे कुठून देऊ; पालक म्हणतो, मुलगा कमावता झाला तरच फेडीन ना. दोघांचेही खरे असते.

या शाळांत कोण शिकते, याचे उत्तर पूर्वेकडच्या बेटांवर अनपेक्षित आहे. फ्लोरेस बेटावरील एंडे किंवा पापुआतील सेरुई यांसारख्या ख्रिस्तीबहुल भागांत मुहम्मदियाच्या शाळांत ख्रिस्ती मुले मोठ्या संख्येने आहेत, आणि तिमोर बेटावरील कुपांग येथील मुहम्मदिया विद्यापीठात तर बहुसंख्य विद्यार्थी मुस्लिमेतर आहेत. कारण सरळ आहे : जवळची आणि परवडणारी शाळा हीच आहे. 2003 च्या शिक्षण कायद्याने प्रत्येक मुलाला स्वतःच्या धर्माचे शिक्षण स्वधर्मीय शिक्षकाकडून मिळण्याचा हक्क दिला आहे. त्यानुसार इस्लामी संघटनेच्या शाळेत ख्रिस्ती धर्म शिकवायला ख्रिस्ती शिक्षक नेमले जातात, आणि या मुलांवर अभ्यास करणाऱ्यांपैकी एक, मुहम्मदियाचे सरचिटणीस अब्दुल मुती, ऑक्टोबर 2024 मध्ये देशाचे प्राथमिक व माध्यमिक शिक्षण मंत्री झाले.

त्यांच्या कारकिर्दीत या सगळ्या हिशेबावर दोन गोष्टींनी परिणाम केला आहे. 27 मे 2025 रोजी घटनात्मक न्यायालयाने निकाल दिला की मोफत प्राथमिक आणि कनिष्ठ माध्यमिक शिक्षणाची राज्याची जबाबदारी सरकारी शाळांपुरती मर्यादित नाही, ती खाजगी शाळा आणि मदरशांनाही लागू होते. सरकारी शाळेत जागा मिळाली नाही म्हणून ज्याला खाजगी शाळेत जावे लागले, त्याने फी का भरावी, असा या मागणीचा गाभा होता. न्यायालयाने राज्याच्या आर्थिक क्षमतेनुसार हे टप्प्याटप्प्याने करण्याची मुभा ठेवली आणि स्वतःचा विशेष अभ्यासक्रम देणाऱ्या खाजगी शाळांना फी घेण्यास पूर्ण बंदी घातली नाही. इस्मुबासारखा विषयगट म्हणजे विशेष अभ्यासक्रम की नाही, आणि फी बंद केली तर मुलामागचे अनुदान तेवढे वाढणार का, यावर शंभर मुलांच्या त्या शाळेचे भवितव्य अवलंबून आहे. अनुदान न वाढवता फी बंद केली, तर आपल्या काल्पनिक हिशेबातील 18 लाख रुपिया गेले, आणि ते थेट आठ जणांच्या पगारातून गेले.

दुसरी गोष्ट त्यामानाने शांतपणे झाली. 2025 च्या पहिल्याच मंत्रालयीन नियमाने सरकारी सेवेतील शिक्षकांची नेमणूक खाजगी संस्थांच्या शाळांत करण्याची वाट मोकळी केली. 2021 नंतर परीक्षा उत्तीर्ण होऊन गेलेला शिक्षक, शाळा अटींत बसत असेल तर, आता आपल्या जुन्या मुहम्मदिया शाळेत परत येऊ शकतो. तोच फळा, तेच बाक, हजेरीपटावर पूर्वीच्याच घरांतील धाकटी भावंडे. पगार मात्र सरकारी तिजोरीतून. शेजारच्या वर्गात त्याचा जुना सहकारी असेल, जो परीक्षेत दोन गुणांनी राहिला, आणि ज्याचे मानधन अजूनही त्या बारा चौकटींच्या कार्डावर अवलंबून आहे.